ब्रिटिश सिनेमा, बायका आणि कात्रणांचा सापळा

‘ब्रिटिश चित्रपटांचा इतिहास आणि लोकप्रिय जॉनरमधला (म्हणजे चित्रपटप्रकारांमधला) लिंगभाव’ हा माझा विषय आहे असं सांगितलं की समोरून दोन प्रश्न ठरलेले असतात. म्हणजे जेम्स बाँड का? आणि, यावर नोकरी मिळते का? पहिल्याचं उत्तर: बाँडही, पण फार थोडा. दुसऱ्याचं उत्तर पुढे देते, ते फारसं गोड नाही.

ज्यांना ब्रिटनमध्ये एमएला प्रवेश मिळालाय किंवा ज्यांचं पीएचडीचं प्रपोजल तिसऱ्यांदा खोडून झालंय, त्यांच्यासाठी हे लिहितेय. व्हिसा, आयएल्ट्स, एसओपी, बँकेची कागदपत्रं यावर ढिगाने माहिती आहे. ती इथे मिळणार नाही.

आधी एक रोखठोक गोष्ट. पुण्या-मुंबईतून इंग्रजी साहित्य किंवा मास कॉम करून जाणारे आपण सगळे एक निबंध पाठ करून जातो. लॉरा मल्वी, १९७५, ‘मेल गेझ’, म्हणजे पडद्यावरच्या बाईकडे बघणारी पुरुषी नजर. तो वाचायलाच हवा, त्यात वाद नाही. पण लेखिका ब्रिटिश असली तरी त्या निबंधातली मुख्य उदाहरणं हॉलिवूडची आहेत, स्टर्नबर्ग आणि हिचकॉकची. तोच छाप घेऊन १९४०च्या दशकातल्या लंडनच्या स्टुडिओत शिरलात तर प्रत्येक चित्रपटावर एकच शिक्का उठतो: नायिका ही बघण्याची वस्तू, शेवटी तिला शिक्षा, निष्कर्ष तयार. तुमच्याआधी शेकडो जणांनी हेच लिहिलंय. परीक्षकाला दुसऱ्या पानावरच पुढचं सगळं दिसतं.

गेन्सबरोचंच उदाहरण घेते, कारण माझं काम तिथेच अडकलं आणि तिथूनच सुटलं. गेन्सबरो पिक्चर्स ही मायकल बाल्कनने १९२४ साली काढलेली कंपनी. बाल्कन पुढे ईलिंग स्टुडिओत गेला आणि ‘राष्ट्रीय’, ‘सभ्य’ ब्रिटिश सिनेमाचा चेहरा झाला. गेन्सबरोने मात्र युद्धाच्या ऐन मध्यात पोशाखी मेलोड्रामांचा, म्हणजे जुन्या काळातल्या भरजरी कपड्यांच्या आणि भडक भावनांच्या चित्रपटांचा, सपाटा लावला. ‘द मॅन इन ग्रे’ (१९४३), ‘फॅनी बाय गॅसलाइट’ (१९४४), ‘द विकेड लेडी’ (१९४५), ‘कॅरव्हान’ (१९४६), ‘जॅसी’ (१९४७). जेम्स मेसन चाबूक घेऊन गुरकावतोय, स्ट्यूअर्ट ग्रेंजर देखणा दिसतोय, फिलिस कॅल्व्हर्ट सोसतेय आणि मार्गारेट लॉकवुड कोणाचंच ऐकत नाहीये, हा त्यांचा ढाचा. (लॉकवुडचा जन्म १९१६चा, कराचीचा, म्हणजे तेव्हाच्या मुंबई इलाख्यातला. अभिनेत्री मर्ल ओबेरॉन तर थेट मुंबईत जन्मली. आपल्या नातेवाइकांना विषयाबद्दल आपुलकी वाटावी म्हणून ही माहिती फार उपयोगी पडते, प्रबंधात अजिबात नाही.)

‘द विकेड लेडी’ पाहिला नसेल तर गोष्ट थोडक्यात अशी. बार्बरा मैत्रिणीचा ठरलेला नवरा पळवून उमरावाची बायको होते आणि खेड्यातल्या वाड्यात कंटाळून जाते. जुगारात हरलेला आईचा ब्रोच परत मिळवायला ती एका रात्री पुरुषी वेशात, तोंड झाकून वाटमारी करते, आणि मग चटकच लागते. दरोडे, प्रियकर, खून, देवभोळ्या म्हाताऱ्या नोकराला विष. शेवटी तिचं ज्याच्यावर खरं प्रेम असतं त्याच्याच गोळीने ती मरते. समोर मुखवट्यात कोण आहे हे त्याला माहीत नसतं.

मराठी वाचकाला इथे लगेच स्टंटपटांची नायिका नादिया आठवणार. ‘हंटरवाली’ १९३५ची, म्हणजे दहा वर्षं आधीची. मुखवटा, घोडा, चाबूक, सगळं जमतंय, तुलनात्मक प्रकरण लिहायचं का? सुपरवायझर हो म्हणतील. भारतीय मुलीने काहीतरी भारतीय आणलं की त्यांनाही बरं वाटतं. माझं मत: जपून. हंटरवाली अन्यायाचा सूड घ्यायला घोड्यावर बसते, बार्बरा निव्वळ मजा येते म्हणून. एकीला कारण लागतं, दुसरीला लागत नाही. हा फरक नीट उलगडता येणार असेल तरच तुलना करा, नाहीतर दोन मुखवटे शेजारी ठेवून काहीच सिद्ध होत नाही.

आता शेवटाचा प्रश्न. बार्बरा मरते, म्हणजे चित्रपट पुरुषसत्ताक, हे वाक्य प्रत्येक एमएवाला लिहितो. सेन्सॉर असलेल्या काळात पाप करणाऱ्या नायिकेला शेवटी मरावंच लागणार, ही जवळजवळ व्यवहाराची अट होती. प्रश्न असा विचारायचा की त्याआधीचा वेळ चित्रपटाने कोणाला दिला. सद्गुणी मैत्रीण कॅरोलाइनला दिला, की बार्बराला? आणि कपडे? एलिझाबेथ हॅफेंडनने केलेले ते घेरदार झगे आणि खोल गळे पडद्यावर येत होते तेव्हा खाली बसलेल्या बाईच्या पर्समध्ये कपड्यांची कूपनं होती. ब्रिटनमध्ये कपड्यांचं रेशनिंग १ जून १९४१ला सुरू झालं आणि मार्च १९४९पर्यंत चाललं. संवाद बार्बराला दोष देतात, कपडे तिची बाजू घेतात, असा मुद्दा चित्रपट-इतिहासकार सू हार्पर यांनी मांडला आणि त्याने या क्षेत्राची दिशा बदलली. अमेरिकेत पाठवताना याच गळ्यांमुळे काही दृश्यं पुन्हा चित्रित करावी लागली. हे नुसतं गमतीदार तळटीप म्हणून लिहू नका. ऑनलाइन सापडलेली प्रत नेमकी कोणती आहे हे तपासल्याशिवाय एखाद्या फ्रेमवर तीन पानं लिहू नका, असा त्याचा अर्थ आहे.

आता सापळ्याकडे येते. इथे मी लांबण लावणार आहे, कंटाळा आला तरी वाचा.

लंडनमध्ये साउथ बँकला ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटची (बीएफआय) रूबेन लायब्ररी आहे. प्रवेश फुकट. तिथे चित्रपटाचं नाव शोधलं की त्याच्यावर तेव्हा छापून आलेली कात्रणं एकत्र मिळतात, तारखांसकट. परदेशातून आलेल्या, हातात मोजके महिने असलेल्या विद्यार्थ्याला याहून मोठं सुख नाही. एका दुपारी एका चित्रपटाचा ‘प्रतिसाद’ हाताशी येतो. तुम्ही भराभर उतरवून घेता आणि लिहिता: १९४५ साली या चित्रपटाकडे असं पाहिलं गेलं.

कोणी पाहिलं? हा प्रश्न मला फार उशिरा पडला. कात्रण म्हणजे समीक्षकाचं मत. आणि त्या काळचे ब्रिटिश समीक्षक ही एक छोटी, शिकलेली, बहुतांशी लंडनकर, एकमेकांना वाचणारी मंडळी होती. त्यांना काय आवडायचं हेही ठरलेलं होतं: माहितीपटाच्या परंपरेतून आलेला वास्तववाद, संयम, साधे लोक, देशाची एकजूट. पोशाखी मेलोड्रामांबद्दल त्यांचा सूर बहुतेक वेळा नाक मुरडण्याचा. ‘द विकेड लेडी’ची कात्रणं सलग वाचलीत तर वाटेल की हा चित्रपट आपटला असणार. प्रत्यक्षात १९४६ साली ब्रिटनमध्ये सर्वांत जास्त गर्दी खेचणारा ब्रिटिश चित्रपट तोच होता.

इथपर्यंत कोणीही सावध विद्यार्थी पोचतो. सापळ्याचा आतला दात पुढे आहे. त्या काळातल्या सर्वांत वजनदार समीक्षकांमध्ये दोन बायका होत्या. ‘द ऑब्झर्व्हर’मध्ये सी. ए. लेजून, १९२८पासून १९६०पर्यंत. ‘द संडे टाइम्स’मध्ये डिलिस पॉवेल, १९३९पासून. लिंगभावाचा अभ्यास करायला आलेली मी, मला दोन बायकांची नावं सापडली आणि त्यांचं मत ‘स्त्रियांचा दृष्टिकोन’ म्हणून प्रकरणात बसलंसुद्धा. वाक्य इतकं गुळगुळीत उतरलं होतं की बरेच दिवस कोणाच्याच लक्षात आलं नाही.

रविवारच्या प्रतिष्ठित वर्तमानपत्रात लिहिणारी लेखिका आणि कारखान्यातली पाळी संपवून मैत्रिणींबरोबर शेवटच्या खेळाला गेलेली मुलगी, दोघी बायका आहेत एवढ्यावर त्यांचं डोळ्यांसमोरचं चित्र एक होत नाही. मध्ये वर्ग आहे, शिक्षण आहे, कामाचे तास आहेत. शिवाय समीक्षेची भाषाच लिंगभावाने भरलेली होती. संयम म्हणजे प्रौढ, भावनेचा पूर म्हणजे बायकी आणि म्हणून स्वस्त. ही मोजपट्टी बाईच्या हातात असली तरी मोजपट्टी तीच राहते. एकदा हे दिसलं की कात्रणं निरुपयोगी ठरत नाहीत. उलट तीच अभ्यासाचा विषय होतात, मात्र प्रेक्षकांचा पुरावा म्हणून नव्हे, तर अभिरुचीवर कोणाचा ताबा होता याचा पुरावा म्हणून.

मग प्रेक्षक शोधायचे कुठे? १९४६ साली ब्रिटनमध्ये १६३ कोटी ५० लाख तिकिटं विकली गेली, तो कायमचा उच्चांक. आठवड्याला सरासरी तीन कोटींहून जास्त. एवढी माणसं कुठेतरी खुणा सोडून गेलीच असणार. गेलीत, पण प्रत्येक खूण वाकडी आहे, आणि ती कोणत्या बाजूला वाकडी आहे हे सांगता आलं पाहिजे.

धंद्याचं साप्ताहिक होतं ‘किनेमॅटोग्राफ वीकली’, सगळे ‘काइन वीकली’ म्हणतात. त्यात जॉश बिलिंग्ज दरवर्षी वर्षअखेरीला कोणते चित्रपट चालले याचा आढावा द्यायचे. यादी मिळते, पैशाचा आकडा मिळत नाही. आणि वर्षाचा घोळ असतो: लंडनच्या वेस्ट एंडमधला पहिला खेळ आणि देशभरातलं प्रदर्शन यात अंतर असायचं. ‘द विकेड लेडी’ १९४५च्या शेवटी लागला, म्हणून तो १९४६च्या आढाव्यात. चित्रपटाच्या नावापुढे कंसात १९४५ लिहिलंय म्हणून तुम्ही १९४५चा अंक उघडलात तर तो तिथे नसतोच, आणि तुम्ही आनंदाने लिहिता की हा चित्रपट चालला नाही.

पत्रं हवी असतील तर जे. पी. मायर. या समाजशास्त्रज्ञाने ‘पिक्चरगोअर’ या सिनेमाच्या नियतकालिकाच्या वाचकांना आवाहन करून त्यांच्या सिनेमाबद्दलच्या आठवणी मागवल्या आणि १९४६ व १९४८मध्ये पुस्तकरूपाने छापल्या. त्यात टायपिस्ट, गृहिणी, शाळकरी मुली स्वतःच्या शब्दांत बोलतात. वाचताना अंगावर काटा येतो. पण सिनेमाच्या नियतकालिकाला पत्र लिहिणारी व्यक्ती ही आधीच भक्त असते, हे विसरायचं नाही. सामान्य लोकांचं रोजचं जगणं टिपणाऱ्या मास ऑब्झर्वेशन प्रकल्पाचे कागद ब्रायटनजवळ ‘द कीप’ या अर्काइव्हमध्ये आहेत, १९३७पासून चाललेला तो खटाटोप, आणि १९४३ साली त्यांनी आपल्या लेखकमंडळाला आवडलेल्या चित्रपटांबद्दल थेट विचारलं होतं. तिथे उत्तरं देणारे जरा जास्तच शिकलेले आणि मध्यमवर्गीय. ग्रॅनडा या चित्रपटगृहांच्या साखळीचे मालक सिडनी बर्नस्टीन यांच्या प्रेक्षकांसाठीच्या प्रश्नावल्या आहेत. पोर्ट्समथच्या रीजंट चित्रपटगृहाच्या खतावण्या टिकल्या, म्हणून एका गावात एका आठवड्यात किती माणसं आली एवढं तरी छातीठोकपणे कळतं. एक्सेटरच्या बिल डग्लस सिनेमा म्युझियममध्ये चाहत्यांच्या वस्तू आहेत: मासिकं, सिगारेटच्या पाकिटातली चित्रं, आल्बम.

माझी पद्धत आता अशी आहे. प्रत्येक अवतरणासमोर समासात लिहायचं: हे कोणी लिहिलं, कोणासाठी, आणि त्याला याचे पैसे मिळाले का. तिसरा प्रश्न लोकांना उद्धट वाटतो. मला तोच सर्वांत कामाचा वाटतो.

आणि घाबरू नका. या सापळ्यात मोठमोठे अडकलेत, तेही अनेक दशकं. १९६९ साली अभ्यासक ॲलन लव्हल यांनी ब्रिटिश सिनेमाला ‘अज्ञात सिनेमा’ म्हटलं होतं, इतका त्यावर गंभीर अभ्यास नव्हता. ज्यावर होता तो बहुतेक समीक्षकांच्या लाडक्या वास्तववादावर. गेन्सबरोचा मेलोड्रामा अभ्यासण्याजोगा आहे हे मान्य व्हायला १९८०चं दशक उजाडावं लागलं. १९८३ साली बीएफआयने त्यावर एक पुस्तिका काढली, मग सू हार्पर, पॅम कुक वगैरेंचं काम आलं. म्हणजे तुमचा उशीर हा फार मोठा उशीर नाही.

शॉर्टकटबद्दल माझी मतं जुनाट आहेत आणि बदलणार नाहीत. चित्रपट दीडपट वेगाने पाहायचे नाहीत. मेलोड्रामात थांबणं हाच अर्थ असतो. लॉकवुड आरशासमोर किती वेळ उभी राहते हे वेग वाढवून कळत नाही. एआयकडून सारांश घेऊन प्रकरण उभं केलेलं मला हल्ली वासावरून ओळखू येतं: त्यात शेवट असतो, कपडे नसतात. आणि फक्त ‘अभिजात’ यादी पाहून भागत नाही. ब्रिटनमध्ये असाल तर टॉकिंग पिक्चर्स टीव्ही नावाची वाहिनी जुने, पडेल, विसरलेले ब्रिटिश चित्रपट अखंड दाखवते. मी तिच्याकडून जेवढं शिकले तेवढं एका सेमिनारमधून शिकले नाही. हे वाक्य माझ्या विभागात कोणी वाचू नये.

गाईड निवडताना नावाला भुलू नका. ज्यांचं पुस्तक वाचून आपण भारावलो ते आपला मसुदा वाचतील असं काही नाही. माझे पहिले मार्गदर्शक मोठे होते, मेलला उत्तर एका ओळीचं यायचं आणि ती ओळ बहुतेक वेळा ‘इंटरेस्टिंग’ अशी. नंतर मिळालेल्या बाई तितक्या प्रसिद्ध नव्हत्या, पण त्या तळटीपा तपासायच्या. लेजूनचं अवतरण त्यांनीच लाल केलं, समासात फक्त ‘कोणत्या स्त्रिया?’ एवढंच. प्रवेशाआधी त्या व्यक्तीच्या सध्याच्या विद्यार्थ्याला गाठा आणि एकच विचारा: मसुदा परत यायला किती दिवस लागतात? बाकी गुणवर्णनाला अर्थ नाही. अर्काइव्हमधल्या, विशेषतः निवृत्तीनंतर स्वयंसेवक म्हणून येणाऱ्या माणसांशी गप्पा मारा. ते चहा पिताना जे सांगतात ते कॅटलॉगमध्ये नसतं.

नावांवरून आठवलं. ब्रिटिश सिनेमाच्या १९४० ते ६०च्या इतिहासात बॉक्स नावाचं एक खटलं आहे, ते पाठ करा. सिडनी बॉक्स आणि त्यांची बायको मुरिएल बॉक्स यांना ‘द सेव्हन्थ व्हेल’च्या पटकथेसाठी ऑस्कर मिळालं. १९४६ साली सिडनी गेन्सबरोचे प्रमुख झाले, मुरिएल कथाविभाग बघू लागल्या आणि नंतर स्वतः दिग्दर्शक झाल्या. सिडनीची बहीण बेटी बॉक्स निर्माती. १९५४ साली धो धो चाललेला ‘डॉक्टर इन द हाउस’ तिचा. म्हणजे मुरिएल आणि बेटी या वहिनी-नणंद. बेटीचा नवरा पीटर रॉजर्स ‘कॅरी ऑन’ या विनोदी चित्रपटमालिकेचा निर्माता. बेटीचा दिग्दर्शक रॅल्फ टॉमस आणि ‘कॅरी ऑन’चा दिग्दर्शक जेराल्ड टॉमस सख्खे भाऊ. इंग्रजी पुस्तकं ‘सिस्टर-इन-लॉ’ म्हणून मोकळी होतात आणि तुम्ही गोंधळता. मराठीत वंशावळ काढा, दोन मिनिटांत लागते. मुरिएलचा ‘स्ट्रीट कॉर्नर’ (१९५३) जरूर पाहा. महिला पोलिसांवर आहे. त्याच्या तीन वर्षं आधीच्या ‘द ब्लू लॅम्प’मध्ये पोलीस ठाणं पुरुषांचं होतं, त्याला हे उत्तर.

लिंगभाव म्हणजे फक्त बायका नव्हे हे तुम्हाला माहीत असेलच, तरी प्रपोजलमध्ये ते दिसत नाही. १९५०चं दशक युद्धपटांचं आहे. ‘द क्रुएल सी’ (१९५३), ‘द डॅम बस्टर्स’ (१९५५). शब्द न काढता दुःख गिळणारे पुरुष, आणि त्याच दशकात भयपटांच्या हॅमर कंपनीचा ‘ड्रॅक्युला’ (१९५८), ज्यात सभ्य घरातल्या बायका रात्री खिडकी उघडी ठेवतात. हे दोन्ही शेजारी ठेवून वाचणाऱ्यांची अजून गरज आहे. ‘कॅरी ऑन कॅबी’ (१९६३)मध्ये नवऱ्याच्या टॅक्सी कंपनीला वैतागलेली बायको फक्त बायका चालक असलेली प्रतिस्पर्धी कंपनी काढते. या मालिकेला अश्लील थिल्लरपणा म्हणून झटकणारे लोक हा चित्रपट पाहिलेले नसतात.

नोकरी. पूर्णवेळ प्राध्यापकी फार कमी जणांना मिळते; ब्रिटनमध्ये मानव्यविद्यांचे विभाग आक्रसताहेत, तासिका तत्त्वावरची शिकवणी हे बहुतेकांचं पहिलं आणि कित्येकांचं कायमचं वास्तव. हे कोणी प्रवेशाच्या माहितीपत्रकात छापत नाही. विद्यार्थी व्हिसावर सत्रात आठवड्याला २० तासच काम करता येतं, तेव्हा ‘तिथे गेल्यावर कमवू’ हा हिशेब कागदावरच बरा. भारतात परतून शिकवायचं असेल तर दोन गोष्टी आधी बघा. एक वर्षाच्या ब्रिटिश मास्टर्सला मान्यतेची पूर्वी अडचण यायची. जुलै २०२२च्या भारत-ब्रिटन करारानंतर ती वाट मोकळी झाली. आणि यूजीसीच्या २०१८च्या नियमांनुसार जागतिक क्रमवारीत पहिल्या ५००मधल्या परदेशी विद्यापीठाची पीएचडी असेल तर सहायक प्राध्यापकासाठी नेटची अट लागत नाही. क्रमवारी कोणती, कोणत्या वर्षाची, हे कागदासकट जपून ठेवा.

तरीही मी हे करू नका असं म्हणणार नाही. कॅटलॉगिंग, मेटाडेटा, प्रतींचे हक्क, जुन्या चित्रपटांचे कार्यक्रम आखणं, सबटायटल्स, ही कामं मिळतात, आणि ती प्रबंध लिहितानाच शिकावी लागतात. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. जायच्या आधी तिथे जाऊन चित्रपट जपतात म्हणजे काय करतात ते डोळ्यांनी पाहून घ्या. ब्रिटनमधल्या मुलाखतीत मला मल्वीपेक्षा त्यावर जास्त प्रश्न आले.

पैसे न घालवता आजच सुरुवात करायची असेल तर ब्रिटिश एंटरटेनमेंट हिस्टरी प्रोजेक्टच्या संकेतस्थळावर जा. १९८७पासून ब्रिटनमधल्या चित्रपट कामगार संघटनेच्या माणसांनी आपल्याच सहकाऱ्यांच्या शेकडो मुलाखती ध्वनिमुद्रित केल्या, घरबसल्या ऐकता येतात. दिग्दर्शक सोडा. कंटिन्युइटी (दृश्यांमधलं सातत्य) सांभाळणाऱ्या, निगेटिव्ह कापणाऱ्या, संकलनात सहायक असलेल्या एखाद्या बाईची मुलाखत निवडा, ती सांगते ते चित्रपट लिहून काढा, आणि मग त्या चित्रपटांच्या श्रेयनामावलीत तिचं नाव कुठे येतं, कुठे येत नाही ते तपासा. प्रपोजलचं पहिलं पान तेवढ्यात तयार होतं.